साक्षी तपासणारा दिग्दर्शक : आंद्जेय मुंक

आंद्जेय मुंक या पोलिश दिग्दर्शकाचा जन्म 16 ऑक्टोबर 1921 रोजी क्राकोव शहरात झाला. 20 सप्टेंबर 1961 रोजी, चाळिशी गाठायला महिनाही उरला नसताना, वोविच गावाजवळ मोटार अपघातात तो गेला. पूर्ण लांबीचे चारच कथापट त्याच्या नावावर आहेत आणि त्यांतला चौथा त्याच्या हातून पुरा झालेला नाही. पोलंडच्या चित्रपटांचा विषय निघाला की आपल्याकडच्या फिल्म सोसायट्यांमध्ये वाढलेल्या प्रेक्षकाला आंद्जेय वायदा आठवतो, रोमान पोलान्स्की आणि किश्लोव्स्की आठवतात. मुंक सहसा आठवत नाही. वास्तविक 1956 नंतरच्या सात-आठ वर्षांत ‘पोलिश स्कूल’ या नावाने जी चित्रपटधारा जगापुढे आली, तिचे नेतृत्व वायदाइतकेच मुंककडेही होते. वायदाच्या चित्रपटांत बलिदानाची धग आहे, भव्य प्रतिमा आहेत. मुंकची जातकुळी वेगळी. घडलेली गोष्ट कोण सांगतो आहे आणि ती तशी सांगण्यात त्याचा काय लाभ आहे, हे तपासल्याखेरीज तो ती खरी मानत नसे. माहितीपटांपासून ऑश्विट्झवरच्या अखेरच्या चित्रपटापर्यंत त्याचे सारे काम या एका सवयीने बांधलेले आहे.

मुंकचे कुटुंब मूळचे ज्यू. युद्ध सुरू झाले तेव्हा तो अठरा वर्षांचाही नव्हता. जर्मन ताब्यातल्या वॉर्सात त्याने ओळख लपवून दिवस काढले, बांधकामावर मजुरी केली, आणि 1944 च्या वॉर्सा उठावात भागही घेतला. युद्ध संपल्यावर तो आधी वास्तुशास्त्राकडे वळला, मग कायद्याकडे. दोन्ही अभ्यासक्रम त्याने अर्धेच सोडले. अखेर लॉड्झ शहरात नव्यानेच निघालेल्या चित्रपट विद्यालयात त्याने प्रवेश घेतला आणि 1951 मध्ये तिथून छायालेखन व दिग्दर्शनाचे शिक्षण पुरे केले. कायदा आणि वास्तुशास्त्र या दोन्ही शाखा त्याच्या पुढच्या कामात डोकावतात. त्याच्या पटकथा खटल्यासारख्या उभ्या राहतात आणि त्यांची रचना नकाशावर आखून घेतल्यासारखी नेमकी असते.

पक्षाशी त्याचे नाते फार टिकले नाही. समाजवादी पक्षातून तो 1948 मध्ये सत्ताधारी संयुक्त कामगार पक्षात आला आणि 1952 मध्ये गैरवर्तनाचा ठपका ठेवून त्याला काढून टाकण्यात आले. तरीही त्याचे काम थांबले नाही. वॉर्साच्या सरकारी माहितीपट केंद्रात तो आधी छायालेखक आणि मग दिग्दर्शक म्हणून काम करीत राहिला.

त्या काळात पोलंडमध्ये माहितीपट काढणे म्हणजे समाजवादी वास्तववादाच्या ठरीव चौकटीत काम करणे होते. पोलादाचे कारखाने, खाणी, सामुदायिक शेती, उत्पादनाची उद्दिष्टे हे विषय वरून ठरून येत. हसतमुख कामगार, घोषणा देणारा निवेदक आणि शेवटी ओलांडलेले लक्ष्य एवढ्यावर बहुतेकांचे काम भागे. मुंकनेही क्राकोवजवळच्या नोव्हा हुता या नव्या पोलादनगरीवर 1951 मध्ये तशाच वळणाचा माहितीपट केला. पण 1953 च्या ‘रेल्वे कामगाराचा शब्द’मध्ये त्याचा कॅमेरा घोषणा सोडून कामाकडे वळलेला दिसतो. मालगाडी वेळेवर पोचवायची आहे, एवढीच गोष्ट. त्या वेळेसाठी इंजिन ड्रायव्हर, फायरमन, सिग्नलवाले, स्टेशनातले कर्मचारी अशी किती माणसे रात्रभर राबतात, हे तो जवळून दाखवतो. रुळांचा खडखडाट, वाफ, काजळीने माखलेले चेहरे, तारेवरून येणारे निरोप यांतून त्या कामाचा ताण उभा राहतो. पुढच्या वर्षी विटोल्ड लेशेविचबरोबर त्याने खाणकामगारांवर माहितीपट केला. या लेशेविचचे नाव पुढे पुन्हा यायचे आहे.

1955 मधला ‘निळा क्रूस’ माहितीपट आणि कथापट यांच्या सीमेवरचा आहे. 1945 च्या फेब्रुवारीत तात्रा पर्वतातल्या पोलिश बचाव पथकाने बर्फ तुडवत, जर्मन फळी ओलांडून स्लोव्हाकियाच्या हद्दीतल्या जखमी पार्टिझान सैनिकांना सोडवून आणले होते. मुंकने ही मोहीम पडद्यावर पुन्हा घडवली आणि मोहिमेत प्रत्यक्ष गेलेल्या बचावकर्त्यांनाच त्यांच्या स्वतःच्या भूमिका दिल्या. शौर्याची गोष्ट अंगमेहनतीची गोष्ट म्हणून सांगायची, ही त्याची रीत इथे पक्की झाली. दोर कसा बांधतात, जखमी माणसाला स्लेजवर कसे आवळतात, हे तो इतक्या बारकाईने दाखवतो की या माणसांना वीर म्हणण्याची गरजच उरत नाही.

स्टालिन मार्च 1953 मध्ये मरण पावला होता. फेब्रुवारी 1956 मध्ये ख्रुश्चेव्हने त्याच्या राजवटीतल्या अत्याचारांची कबुली दिली, जूनमध्ये पोझनानचे कामगार रस्त्यावर उतरले आणि त्यांच्यावर गोळ्या चालल्या, ऑक्टोबरमध्ये पोलिश पक्षनेता गोमुल्का सत्तेवर आला. दरम्यान पोलिश चित्रपट उद्योगाची घडीही बदलली. 1955 पासून दिग्दर्शकांच्या नेतृत्वाखाली निर्मिती गट स्थापन झाले. पैसा सरकारचाच होता, पण कोणती कथा घ्यायची आणि ती कशी करायची यात गटाच्या शब्दाला वजन आले. मुंक येझी कावालेरोविचच्या ‘काद्र’ गटात आला आणि तिथे त्याला येझी स्तेफान स्ताविन्स्की हा पटकथाकार मिळाला. मुंकच्या पहिल्या तिन्ही कथापटांचे लेखन स्ताविन्स्कीचे आहे. उठावात एका तुकडीचे नेतृत्व केलेला, गटारांतून वाट काढलेला, नंतर युद्धकैद्यांच्या छावणीत राहिलेला हा लेखक युद्धाबद्दल ऐकीव काही लिहीत नव्हता.

‘रुळावरचा माणूस’ 1956 मध्ये, म्हणजे ऑक्टोबरच्या सत्तापालटाची चाहूलच लागत असताना तयार झाला आणि जानेवारी 1957 मध्ये प्रदर्शित झाला. 1950 मधली एक रात्र. भरधाव गाडीपुढे एक म्हातारा रुळावर उभा राहतो आणि चिरडला जातो. तो ओझेखोव्स्की, त्याच मार्गावर वर्षानुवर्षे इंजिन चालवलेला आणि नुकताच सक्तीने निवृत्त केलेला ड्रायव्हर. जवळच्या सिग्नलच्या दोन दिव्यांपैकी एक विझलेला आढळतो. दिवा कोणी विझवला? म्हातारा सूड म्हणून गाडी पाडायला आला होता का? रात्रीच चौकशी समिती बसते आणि तिघांच्या जबान्या होतात.

स्टेशन प्रमुख तुश्का पहिला बोलतो. त्याच्या मते ओझेखोव्स्की जुन्या राजवटीचा माणूस होता. उद्धट, कनिष्ठांना तुच्छ लेखणारा, नव्या व्यवस्थेचा शत्रू. हलक्या प्रतीच्या कोळशावर गाडी चालवून बचत करण्याच्या मोहिमेला त्याने विरोध केला, आणि त्या काळात असा विरोध म्हणजे घातपाताच्या अलीकडची पायरी. दुसरी जबानी झापोराची. पूर्वी ओझेखोव्स्कीच्या हाताखाली राबलेला आणि त्या रात्री गाडी चालवणारा हा तरुण ड्रायव्हर. त्याच्या बोलण्यातून जाच करणारा, पण कामात तसूभर न चुकणारा उस्ताद दिसू लागतो. तिसरा सावाता हा फाटकावरचा साधा कामगार. म्हातारा त्या रात्री कुठे होता, काय करीत होता, हे त्याच्याकडून कळते. विझलेल्या दिव्यामुळे सिग्नलचा अर्थ बदलला होता, पुढे धोका होता, आणि गाडी थांबवण्यासाठी ओझेखोव्स्की रुळावर उभा राहिला होता. ज्याला घातपाती ठरवायचे घाटत होते त्यानेच गाडी वाचवली होती.

‘राशोमोन’शी या चित्रपटाची तुलना नेहमी होते आणि ती निम्मीच बरोबर आहे. कुरोसावाच्या चित्रपटात जबान्या एकमेकींना छेद देतात आणि सत्य हाती लागत नाही. मुंकच्या चौकशीत सत्य हाती लागते. प्रत्येक साक्षीबरोबर प्रेक्षकाला आधीच्या साक्षीतली खोट दिसते आणि ओझेखोव्स्की थोडा अधिक स्पष्ट होतो. अडचण सत्य कळण्याची नव्हती. ते ऐकण्याआधीच निकाल लिहून ठेवलेला होता, ही अडचण होती. स्टालिनी काळातल्या खटल्यांची रीत ज्यांनी अनुभवली होती त्यांना हे वेगळे समजावून सांगावे लागले नसेल. शेवटी खोलीत शांतता पसरते. तुश्का उठतो, इथे कोंडल्यासारखे होते आहे असे म्हणत खिडकी उघडतो आणि चित्रपट संपतो. 1957 च्या प्रेक्षकाने त्या खिडकीत आपल्या देशाची स्थिती वाचली.

काझिमिएश ओपालिन्स्कीने ओझेखोव्स्की असा उभा केला आहे की त्याचा कडवटपणा कुठेही गोड होत नाही. त्याला निर्दोष ठरवण्यासाठी प्रेमळ दाखवण्याचा सोपा मार्ग मुंकने घेतला नाही. माणूस खडूस आहे, कामगारांना घालूनपाडून बोलतो, आणि तरी तो बरोबर आहे. कार्लोवी वारीच्या महोत्सवात 1957 मध्ये मुंकला उत्कृष्ट दिग्दर्शनाचे पारितोषिक मिळाले.

दुसऱ्या चित्रपटाचे धाडस समजायचे तर वॉर्सा उठावाचे पोलिश मनातले स्थान ध्यानात घ्यावे लागते. लंडनमधल्या निर्वासित सरकारला मानणाऱ्या भूमिगत ‘होम आर्मी’ने 1 ऑगस्ट 1944 रोजी जर्मनांविरुद्ध शस्त्र उचलले. सोव्हिएत सैन्य विस्तुला नदीच्या पलीकडे आलेले होते. ते मदतीला येईल ही आशा फोल ठरली. 63 दिवसांनी उठाव चिरडला गेला. दीड ते दोन लाख नागरिक मारले गेले, उरलेल्यांना शहराबाहेर काढून जर्मनांनी वॉर्सा इमारतींमागून इमारती पाडत उद्ध्वस्त केले. युद्धानंतरच्या कम्युनिस्ट सरकारने होम आर्मीच्या सैनिकांना तुरुंगात टाकले आणि उठावाबद्दल बोलणेच संशयास्पद ठरवले. त्यामुळे 1956 नंतर तोंड उघडता आले तेव्हा लोकांना सर्वांत आधी आपल्या वीरांचा गौरव ऐकायचा होता. वायदाचा ‘कनाल’ 1957 मध्ये आला. स्ताविन्स्कीच्याच लेखणीतून उतरलेला, गटारांच्या अंधारात एकेक करून संपणाऱ्या तुकडीचा तो शोकपट आहे. त्याच उठावावर, त्याच लेखकाला घेऊन, मुंकने ‘एरोइका’ केला.

बीथोव्हेनच्या वीररसाच्या सिंफनीचे नाव घेतलेल्या या चित्रपटात दोन स्वतंत्र कथा आहेत. पहिलीचा नायक जिजुश गुर्कियेविच काळाबाजारवाला आहे. उठावातल्या नागरी स्वयंसेवकांच्या कवायतीतून तो सटकतो आणि शहराबाहेरच्या आपल्या घरी येतो, तर बायकोजवळ एक हंगेरियन लेफ्टनंट बसलेला. हंगेरी जर्मनीच्या बाजूने लढत होता, पण युद्धाचा रंग ओळखून हा अधिकारी आपली तुकडी आणि तोफा पोलिश बंडखोरांना द्यायला तयार आहे, बदल्यात त्यांना संरक्षणाची हमी हवी. नाइलाजाने जिजुश मध्यस्थ बनतो. जर्मन पहारे चुकवत तो शहरातल्या होम आर्मीच्या कमांडकडे जातो, परत येतो, पुन्हा जातो. एका प्रसंगी दारूच्या नशेत तो मोकळ्या जागी बसलेला असतो आणि मागून जर्मन रणगाडा येतो. मरण पाठीशी उभे आहे आणि त्याला पत्ताच नाही. हा बेत पुढे फिसकटतो, कारण हमी देणारे कोणी नाही. जिजुशला आता कळून चुकले आहे की उठाव बुडाला, आणि त्याला कशाची सक्तीही नाही. तरीही तो उठतो आणि शहराकडे चालू लागतो.

या शेवटच्या चालण्याकडे काही टीकाकारांचे दुर्लक्ष झाले असावे. मुंक वीरांची टिंगल करतो असा आरोप त्याच्यावर झाला. एडवर्ड जेवोन्स्कीचा अभिनय पाहिला की हा आरोप टिकत नाही. जिजुश भित्रा आहे, लोभी आहे, बायकोवर त्याचा ताबा नाही. त्याने केलेले काम मात्र पदकवाल्यांच्या कामापेक्षा तिळभरही कमी नाही. शौर्य असल्या माणसाच्या हातूनही घडते, हे मान्य करायला वीरपूजेची सवय झालेल्या समाजाला जड जाते. मुंकने ते अवजड काम हसत-खेळत केले.

दुसरी कथा याच्या उलट टोकाची आहे. जर्मनीतल्या पोलिश युद्धकैदी अधिकाऱ्यांची छावणी. काही अधिकारी 1939 पासून इथे कोंडलेले आहेत आणि लष्करी मानमरातबाच्या जुन्या नियमांना चिकटून दिवस ढकलताहेत. त्यांचा एकच आधार आहे : लेफ्टनंट झाविस्तोव्स्की या छावणीतून पळाला. एक जण सुटला, म्हणजे सुटता येते. प्रत्यक्षात झाविस्तोव्स्की कुठेच गेलेला नाही. तो छतावरच्या पोकळीत लपून बसला आहे आणि हे फक्त दोघा-तिघांना ठाऊक आहे. बाहेर आला तर दंतकथा कोसळेल, म्हणून तो बाहेर येऊ शकत नाही. अखेर तो तिथेच मरतो आणि त्याचा देह गुपचूप हलवला जातो, जेणेकरून खाली राहणाऱ्यांचा विश्वास शाबूत राहावा. लोकांना जगवणारे असत्य आणि त्या असत्यासाठी जिवंत पुरला गेलेला माणूस, हे दोन्ही मुंक एकाच नजरेने पाहतो. खोटे उघडे पाडण्याचा आनंद इथे नाही. त्या अधिकाऱ्यांना या खोट्याची किती गरज आहे हे त्याला दिसते, आणि म्हणूनच ही कथा पहिलीपेक्षा खोल उतरते. येझी वुयचिकच्या छायाचित्रणात ती छावणी बंदिस्त, राखाडी, हवा संपलेली वाटते.

‘एरोइका’साठी एक तिसरी कथाही चित्रित झाली होती, तात्रा पर्वतातून निरोप नेणाऱ्या भूमिगतांची. ती मुंकला उतरलेली वाटली नाही म्हणून त्याने चित्रपटातून काढून टाकली. त्याच्या मृत्यूनंतर 1972 मध्ये पोलिश दूरदर्शनने ती दाखवली. दोन कथांचा चित्रपट 1958 मध्ये प्रदर्शित झाला आणि पुढच्या वर्षी अर्जेंटिनातल्या मार देल प्लाता महोत्सवात त्याला समीक्षकांचे पारितोषिक मिळाले.

1958 मधलाच ‘जुन्या शहरातला फेरफटका’ हा लघुपट बहुतेकदा यादीतल्या एका ओळीवर संपवला जातो. संगीत शिकणारी एक लहान मुलगी पुन्हा उभारलेल्या वॉर्साच्या जुन्या भागातून फिरते आणि शहराचे आवाज ऐकते. कबुतरे, घोड्यांच्या टापा, यंत्रे, आणि त्यांच्या आड कुठे तरी युद्धाचे पडसाद. उठावानंतर ढिगारा झालेला हा भाग विटेवर वीट ठेवून पूर्वीसारखा बांधण्यात आला होता. मुंकने त्याबद्दल एक शब्दही न बोलता ते दाखवले.

स्ताविन्स्कीबरोबरचा तिसरा चित्रपट ‘तिरळे नशीब’ (1960) हा यान पिश्चिक नावाच्या माणसाची 1930 च्या दशकापासून 1950 च्या दशकापर्यंतची कहाणी आहे. पिश्चिक स्वतःच ती सांगतो आणि स्वतःला सतत दुर्दैवी म्हणवून घेतो. ज्याची सत्ता त्याच्या रांगेत उभे राहण्याची त्याची धडपड असते, आणि प्रत्येक वेळी तो चुकीच्या क्षणी चुकीच्या जागी पोचतो. विद्यार्थिदशेत मोर्चात सापडून मार खातो. अधिकाऱ्याच्या गणवेशाचा मोह होतो तो नेमका युद्धाच्या तोंडावर, आणि तो गणवेश अंगात असतानाच जर्मनांच्या तावडीत सापडतो. युद्धकैद्यांत तो न गाजवलेल्या पराक्रमाच्या बाता मारतो. युद्धानंतर नव्या कचेरीत साहेबांची मर्जी राखता राखता पुन्हा गोत्यात येतो. बालपणाचा भाग मूकपटातल्या धावपळीच्या विनोदासारखा चित्रित केलेला आहे, आणि पुढे काळ बदलेल तशी चित्रपटाची शैलीही बदलते. शेवटी कळते की तो हे सारे तुरुंगाच्या अधिकाऱ्याला सांगतो आहे. त्याची सुटका व्हायची वेळ आली आहे आणि त्याला सुटका नको आहे. आत कोणाची बाजू घ्यायची हे ठरवावे लागत नाही.

इथेही साक्ष आहे, पण साक्षीदार एकच आणि तो अविश्वसनीय. पिश्चिक दर वेळी नशिबाला दोष देतो. पडद्यावर दिसते ते त्याचे लाचार धोरण. त्याच वेळी प्रेक्षकाला हेही दिसते की तीन राजवटी एवढ्या लवकर बदलणाऱ्या देशात सामान्य माणसाला सरळ उभे राहायला जागाच मिळाली नाही. बोगुमिल कोबिएलाने या भूमिकेत जे केले त्याला पोलिश विनोदी अभिनयात तोड नाही. चित्रपट 1960 मध्ये कान महोत्सवाच्या स्पर्धेत गेला. स्ताविन्स्कीने पिश्चिकला पुढेही लिहिले आणि 1988 मध्ये दुसऱ्या दिग्दर्शकाने त्याच्यावर ‘नागरिक पिश्चिक’ केला, पण तोवर कोबिएला हयात नव्हता.

‘तिरळे नशीब’मध्ये शिकवणी घेणाऱ्या तरुणाच्या छोट्या भूमिकेत रोमान पोलान्स्की दिसतो. या चित्रपटाचा तो साहाय्यक दिग्दर्शकही होता. मुंक 1957 पासून लॉड्झच्या विद्यालयात शिकवत असे, आणि पोलान्स्की व येझी स्कोलिमोव्स्की हे त्याच्या विद्यार्थ्यांत होते. 1962 चा ‘पाण्यातला सुरा’ हा पोलान्स्कीचा पहिला कथापट, ज्याच्या लेखनात स्कोलिमोव्स्कीचा हात होता, मुंकला पाहता आला नाही.

चौथ्या चित्रपटाची सुरुवात रेडिओपासून झाली. 1923 मध्ये क्राकोवमध्ये जन्मलेली झोफिया पोस्मिश ही 1942 पासून ऑश्विट्झमध्ये कैदी होती. 7566 हा तिचा क्रमांक. युद्धानंतर ती पोलिश रेडिओत काम करू लागली. कामानिमित्त पॅरिसला गेली असताना गर्दीतून तिला एका जर्मन बाईचा आवाज ऐकू आला आणि तो छावणीतल्या आपल्या पहारेकरणीचा आहे असे वाटून ती हादरली. आवाज दुसऱ्याच कुणाचा होता. पण त्यातून प्रश्न उभा राहिला : ती खरोखर समोर आली असती तर? पोस्मिशने 1959 मध्ये ‘केबिन क्रमांक 45 मधली प्रवासिनी’ ही श्रुतिका लिहिली आणि तिथे बाजू उलटी केली. ओळख पटते ती पहारेकरणीला, आणि घाबरतेही तीच. मुंकने आधी यावर 1960 मध्ये दूरदर्शनसाठी नाटक केले, मग पोस्मिशबरोबर चित्रपटाची पटकथा लिहिली.

लिझा ही जर्मन स्त्री पती वॉल्टरबरोबर मोठ्या बोटीने बऱ्याच वर्षांनी युरोपला परतते आहे. एका बंदरात एक बाई बोटीवर चढते आणि लिझाला तिच्यात मार्ता दिसते. मार्ता ऑश्विट्झमध्ये तिच्या हाताखालची पोलिश कैदी होती. ती मेली असावी अशी लिझाची समजूत आहे. लिझा नवऱ्याला प्रथमच सांगते की आपण त्या छावणीत एसएसची पहारेकरीण होतो. या पहिल्या सांगण्यात ती मार्ताची उपकारकर्ती आहे. तिने मार्ताला हलके काम दिले, तिच्या प्रियकराशी तिची गाठ घालून दिली, तिला जगवले. नंतर लिझा एकटी असताना तीच गोष्ट पुन्हा आठवते आणि ती वेगळी आहे. या वेळी दिसते ते दोन स्त्रियांमधले द्वंद्व. एकीच्या हाती जीवन-मरण आहे आणि तिला दुसरीकडून कृतज्ञता हवी आहे, आपल्या चांगुलपणाची पावती हवी आहे. मार्ता ती देत नाही. गप्प राहून, नजर न झुकवता ती लिझाला तेवढीच एक गोष्ट नाकारते.

छावणीतल्या अत्याचारांवर पोलंडमध्ये आधीही चित्रपट झाला होता. स्वतः ऑश्विट्झमधून वाचलेल्या वांदा याकुबोव्स्काने 1948 मध्ये ‘अखेरचा टप्पा’ केला, तोही त्याच जागी चित्रित करून. मुंकने निवडलेली बाजू त्यापेक्षा धोक्याची होती, कारण इथे गुन्हेगार बोलते आणि तिच्या आठवणीच्या कडेने छावणी दिसते. लिझा पुढे चालत असते, स्वतःला समजावत असते. तिच्या मागे, दूरवर, पाठमोऱ्या रांगा सरकत असतात. मुले तळघराच्या पायऱ्या उतरतात आणि त्यांतले एक मूल थांबून पहारेकऱ्याच्या कुत्र्याला गोंजारते. कैद्यांच्या वाद्यवृंदाकडून बाखचे संगीत ऐकले जाते आणि मध्येच नव्या कैद्यांना घेऊन येणाऱ्या गाडीची शिटी वाजते. कॅमेरा कुठेही आक्रोश करीत नाही. माहितीपटांत दोर आणि सिग्नल दाखवणारी मुंकची तीच शिस्त इथे अंगावर येते, कारण आता तो हत्येच्या कामाची रोजची कार्यपद्धती दाखवतो आहे. लिझाच्या भूमिकेत अलेक्झांद्रा श्लोंस्का आणि मार्ताच्या भूमिकेत आना चेपिएलेव्स्का आहे. श्लोंस्काची लिझा राक्षसीण नाही, नीटनेटकी आणि कर्तव्यदक्ष आहे. तिची भीती वाटते ती त्यामुळेच.

छावणीचा भाग बराचसा पुरा होत आला होता. बोटीवरचा भाग काही प्रमाणात चित्रित झाला होता, पण मुंक त्यावर समाधानी नव्हता आणि तो नव्याने करण्याचा त्याचा विचार होता. 20 सप्टेंबर 1961 च्या अपघाताने काम तिथेच थांबले. उरलेले काम विटोल्ड लेशेविचने हाती घेतले, सात वर्षांपूर्वी खाणीच्या माहितीपटात मुंकबरोबर असलेला तोच. लेशेविच आणि सहकाऱ्यांनी गाळलेल्या जागा अंदाजाने भरायच्या नाहीत, असे ठरवले. बोटीवरचे प्रसंग त्यांनी स्थिर छायाचित्रांतून मांडले. विक्टर वोरोशिल्स्कीने निवेदन लिहिले आणि त्यात मुंकच्या मृत्यूची गोष्ट सुरुवातीलाच सांगितली. त्याच्या मनात शेवट काय होता हे आपल्याला ठाऊक नाही, आपण फक्त प्रश्न नोंदवतो आहोत, असे निवेदक मोकळेपणाने म्हणतो. ती बाई खरोखर मार्ता होती का, हे चित्रपट सांगत नाही.

या निर्णयामुळे तासाभराचा एक अपूर्व चित्रपट निर्माण झाला. वर्तमानकाळ गोठलेला आहे, लिझाचे ऐषारामी जग फोटोंच्या अल्बमसारखे निर्जीव पडले आहे, आणि हलते-बोलते आहे ती फक्त छावणी. मुंकने जगून बोटीचे प्रसंग पुरे केले असते तर चित्रपट अधिक बांधेसूद झाला असता. तो अधिक खरा झाला असता असे म्हणवत नाही. लिझाच्या दोन्ही साक्षींनंतर निवेदकाची तिसरी साक्ष येते आणि ती आपल्या अपुरेपणाची कबुली देणारी एकमेव साक्ष आहे. मुंकच्या मित्रांनी हे त्याच्या पद्धतीचे भान ठेवून केले.

‘प्रवासिनी’ 20 सप्टेंबर 1963 रोजी, मुंकच्या दुसऱ्या स्मृतिदिनी प्रदर्शित झाला. 1964 मध्ये कान महोत्सवात त्याला आंतरराष्ट्रीय समीक्षक संघटनेचे पारितोषिक मिळाले. पोस्मिशने 1962 मध्ये याच कथेची कादंबरी केली होती. तिच्यावर आधारून मॉस्कोत राहणाऱ्या मिएचिस्वाव वाइनबर्ग या पोलिश-ज्यू संगीतकाराने 1968 मध्ये ऑपेरा लिहिला, जो सोव्हिएत काळात रंगमंचावर येऊ शकला नाही. त्याचा पहिला पूर्ण नाट्यप्रयोग 2010 मध्ये ऑस्ट्रियातल्या ब्रेगेंझ महोत्सवात झाला आणि पोस्मिश तो पाहायला हजर होती. 2022 मध्ये तिचे निधन झाले.

पोलंडमध्ये मोकळेपणाचे वारे मुंकच्या हयातीतच पडू लागले होते. 1960 च्या जूनमध्ये पक्षाच्या सचिवालयाने चित्रपटांवर ताशेरे ओढणारा ठराव केला आणि 1963 च्या सुमारास ‘पोलिश स्कूल’ ओसरली. पोलान्स्की देशाबाहेर गेला, पुढे स्कोलिमोव्स्कीही. लॉड्झच्या विद्यालयाने 1965 पासून पदार्पणाच्या उत्कृष्ट चित्रपटासाठी आंद्जेय मुंकच्या नावाचे पारितोषिक देण्यास सुरुवात केली.